कॅमेऱ्यामागे आणि कॅमेऱ्यापुढे : छायालेखक कार्ल फ्रॉइंडच्या कारकिर्दीचा पुनर्विचार

प्रस्तावना

चित्रपट ही सामूहिक कला आहे, हे विधान चित्रपटविषयक बहुतेक ग्रंथांच्या आरंभी आढळते. प्रत्यक्ष समीक्षा सुरू झाली की ती मात्र एकट्या दिग्दर्शकाभोवती फिरू लागते. छायालेखकाचा उल्लेख झालाच तर 'सुंदर छायाचित्रण' अशा दोन शब्दांत होतो. जर्मन मूकपटांच्या सुवर्णकाळाविषयी बोलताना मुर्नाऊ आणि फ्रिट्झ लांग ही नावे सहज घेतली जातात. परंतु या दोघांसाठीही ज्याने कॅमेरा हाताळला त्या कार्ल फ्रॉइंडचे नाव अभ्यासक्रमाबाहेर फारसे ऐकू येत नाही.

फ्रॉइंडविषयी जे लेखन झाले आहे त्यात त्याच्या कारकिर्दीचे सरळ दोन तुकडे केलेले दिसतात. बर्लिनमधला फ्रॉइंड हा कॅमेऱ्याला तिवईच्या बंधनातून सोडवणारा प्रयोगशील कलावंत. कॅलिफोर्नियातला फ्रॉइंड हा आधी स्टुडिओचा पगारी तंत्रज्ञ आणि शेवटी दूरचित्रवाणीवरील एका विनोदी मालिकेचा छायालेखक. पहिला भाग उत्कर्षाचा, दुसरा उताराचा, अशी ही मांडणी आहे. ती सोयीची असली तरी अपुरी आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. फ्रॉइंडच्या कामातील सातत्य कॅमेऱ्याच्या हालचालीत शोधायचे नसून नटाच्या देहाशी कॅमेऱ्याने जोडलेल्या नात्यात शोधावे लागते. त्या दृष्टीने १९२४ साली त्याने स्वतः केलेली एक छोटी भूमिकाही विचारात घेणे आवश्यक ठरते.

जडणघडण

फ्रॉइंडचा जन्म १६ जानेवारी १८९० रोजी तत्कालीन ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यातील बोहेमिया प्रांतात, क्योनिगिनहोफ या गावी एका ज्यू कुटुंबात झाला. आज हे गाव चेक प्रजासत्ताकात आहे. तो लहान असतानाच कुटुंब बर्लिनला स्थलांतरित झाले. कलाशिक्षण घेऊन तो चित्रपटात आलेला नाही. पंधराव्या वर्षी तो रबरी शिक्के बनविणाऱ्या कारखान्यात उमेदवारी करत होता. तेथून तो चित्रपट दाखविणाऱ्या यंत्रावरील साहाय्यक झाला आणि विशीच्या आतच त्याच्या हाती कॅमेरा आला. नाटक, चित्रकला वा साहित्य यांतून चित्रपटाकडे वळलेल्या समकालीन दिग्दर्शकांपेक्षा त्याची वाट वेगळी होती. यंत्र उघडून पाहणे, त्यात फेरफार करणे आणि ते कामाला लावणे ही कारागिराची वृत्ती त्याच्यात अखेरपर्यंत टिकून राहिली.

१९२० साली पॉल वेगेनर आणि कार्ल बोझे यांच्या 'डेर गोलेम' या चित्रपटाचे छायालेखन त्याने केले. वास्तुविशारद हान्स पोल्झिग याने उभारलेली वेडीवाकडी वस्ती आणि तीत वावरणारा मातीचा माणूस यांना छायाप्रकाशाने सजीव करण्याचे काम त्याच्याकडे होते. रंगवलेल्या पडद्यांवर सावल्या काढण्याची पद्धत त्या काळी नावाजली गेली होती. 'डेर गोलेम'मध्ये मात्र सावली दिव्याने पडते, आणि ती मुख्यतः वेगेनरच्या जड, ठोकळेबाज देहावरून पडते. प्रकाश नेपथ्यापेक्षा नटाला बांधील असल्याची ही पहिली ठळक खूण म्हणता येईल.

मुक्त कॅमेरा : कोणासाठी?

'डेर लेट्स्टे मान' (१९२४) म्हणजे 'शेवटचा माणूस'. इंग्रजीत हा चित्रपट 'द लास्ट लाफ' या नावाने ओळखला जातो. दिग्दर्शक मुर्नाऊ, पटकथाकार कार्ल मायर, छायालेखक फ्रॉइंड आणि नट एमिल यानिंग्ज या चौघांच्या सहकार्यातून घडलेल्या या चित्रपटात एका भव्य हॉटेलच्या वृद्ध दरवानाची कथा आहे. वय झाले म्हणून त्याच्या अंगावरचा झळाळता गणवेश काढून घेतला जातो आणि त्याला प्रसाधनगृहात कामाला धाडले जाते. संवादपट्ट्यांचा आधार या चित्रपटाने जवळजवळ नाकारला आहे. शेवटच्या अनपेक्षित सुखान्ताआधी येणारी एकच निवेदनपट्टी त्यात आहे.

जे शब्दांनी सांगायचे नाही ते कॅमेऱ्याने सांगावे लागले. आरंभीच कॅमेरा उद्वाहनातून खाली उतरतो, हॉटेलच्या दालनातून पुढे सरकतो आणि फिरत्या दारापाशी पोहोचतो. यासाठी कॅमेरा सायकलवर नेण्यात आला. दरवान दारूच्या नशेत असताना खोली त्याच्याभोवती फिरू लागते. त्या दृश्यासाठी फ्रॉइंडने कॅमेरा स्वतःच्या छातीला बांधला आणि तो झोकांड्या खात चालला. अंगणात तुतारी वाजते तेव्हा कॅमेरा तुतारीच्या तोंडापासून झपाट्याने दूर जातो. मूकपटात स्वर डोळ्यांना दिसावा अशी ही योजना आहे.

कॅमेरा हलविण्याचे श्रेय एकट्या फ्रॉइंडचे नाही, हे येथे नमूद केले पाहिजे. मायरच्याच पटकथेवर आधारित आणि त्याच वर्षी प्रदर्शित झालेल्या 'सिल्व्हेस्टर' या चित्रपटात गिडो झेबर या छायालेखकाने कॅमेरा हलता ठेवला होता. तेव्हा 'पहिला कोण' हा वाद फारसा उपयोगाचा नाही. प्रश्न आहे तो हालचाल कोणाच्या वतीने होते हा. 'डेर लेट्स्टे मान'मधील कॅमेरा दरवानाच्या बदलत्या प्रतिष्ठेशी बांधलेला आहे. गणवेश अंगावर असताना तो त्याच्यासह ऐटीत वावरतो आणि नशेत त्याच्यासह तोल गमावतो. छातीला बांधलेला कॅमेरा म्हणजे एका अर्थाने छायालेखकाने केलेला अभिनयच होय. यानिंग्जचा दरवान पडद्यावर झिंगलेला दिसतो, आणि त्याला जग कसे दिसते ते फ्रॉइंडच्या देहातून आलेले असते. एकाच पात्राची भूमिका येथे दोघांनी वाटून घेतली आहे.

ई. ए. ड्युपाँ दिग्दर्शित 'व्हारिएटे' (१९२५) या सर्कसच्या पार्श्वभूमीवरील चित्रपटात हेच सूत्र झुल्यावर गेले. कसरतपटूबरोबर कॅमेरा हेलकावे घेतो, खालचा प्रेक्षकवर्ग दिव्यांच्या ठिपक्यांत विरघळतो आणि खाली पडण्याची भीती प्रेक्षकाच्या पोटात उतरते. लांगच्या 'मेट्रोपोलिस' (१९२७) मध्ये फ्रॉइंडने ग्युंटर रिटाऊसह काम केले. त्याच वर्षीच्या, वाल्टर रुटमान दिग्दर्शित 'बर्लिन : महानगराची सिंफनी' या चित्रपटाच्या लेखनात आणि निर्मितीत त्याचा वाटा होता. तेथे कमी उजेडातही चित्रण व्हावे म्हणून त्याने फिल्मची संवेदनशीलता रासायनिक प्रक्रियेने वाढविली, आणि कॅमेरे लपवून रस्त्यावरची माणसे टिपण्यात आली. नट नसलेल्या माणसाला कॅमेऱ्याची चाहूल लागू न देणे, हेही कॅमेऱ्यासमोरच्या देहाविषयीच्या त्याच जाणिवेचे दुसरे टोक आहे.

'मिखाएल' : छायालेखक चौकटीत

ज्या वर्षी 'डेर लेट्स्टे मान' आला त्याच वर्षी डॅनिश दिग्दर्शक कार्ल थिओडोर ड्रायरचा 'मिखाएल' हा जर्मनीत निर्माण झालेला चित्रपट प्रदर्शित झाला. हर्मन बांग या डॅनिश लेखकाच्या कादंबरीवर तो आधारित आहे. फ्रॉइंड त्याचा छायालेखक होता. मुर्नाऊच्या चित्रपटासाठी तो निघून गेल्यानंतर रुडॉल्फ माटे याने उर्वरित काम केले. लेब्लाँ या चित्रविक्रेत्याची भूमिकाही फ्रॉइंडनेच केली आहे. चरित्रात्मक नोंदींत या भूमिकेचा उल्लेख गंमत म्हणून येतो. चित्रपटाच्या आशयाशी ताडून पाहिल्यास तिला अधिक अर्थ आहे.

'मिखाएल'ची कथा पाहण्याविषयीची आहे. क्लोद झोरे हा ख्यातनाम चित्रकार मिखाएल या तरुणावर जीव लावतो आणि त्याला आपल्या चित्रांचा नायक करतो. एक उमराव स्त्री स्वतःचे चित्र काढून घेण्यासाठी येते, परंतु झोरेला तिचे डोळे काही केल्या साधत नाहीत. ते डोळे मिखाएल रंगवतो. गुरूला जे दिसले नाही ते शिष्याला दिसले, कारण तो तिच्या प्रेमात पडला आहे. पुढे झोरेने भेट दिलेले चित्रही मिखाएल विकून टाकतो. झोरेची भूमिका करणारा बेन्यामिन क्रिस्टेन्सन हा स्वतः 'हेक्सन' (१९२२) या चित्रपटाचा दिग्दर्शक होता. म्हणजे चित्रकाराच्या जागी एक दिग्दर्शक उभा आहे आणि चित्राला बाजारात किंमत लावणाऱ्या विक्रेत्याच्या जागी एक छायालेखक. ड्रायरने ही निवड कोणत्या हेतूने केली याचा तर्क करण्याचे कारण नाही. पडद्यावर मात्र प्रतिमा घडवणाऱ्यांचाच एक मेळावा भरलेला दिसतो, आणि डोळे नेमके कसे रंगवावेत हा त्यांच्यापुढचा पेच असतो.

फ्रॉइंड देहाने स्थूल होता. लेब्लाँ म्हणून तो चौकटीत येतो तेव्हा त्याचा देहच आधी लक्ष वेधून घेतो. त्यात नटाचा डौल नाही, पण व्यवहारी माणसाचा सहजपणा आहे. अभिनेता म्हणून या भूमिकेचे मोल फार मोठे ठरविण्याची गरज नाही. तिचे महत्त्व वेगळे आहे. दिव्याच्या झोतात उभे राहणे, ठरलेल्या जागेवर थांबणे, आपल्याला न दिसणारी आपली प्रतिमा दुसऱ्याच्या हाती सोपवणे, ही नटाची परवशता फ्रॉइंडने त्या वर्षी अनुभवली. आणि त्याच वर्षीच्या दुसऱ्या चित्रपटात कॅमेरा छातीला बांधून त्याने नटाच्या बाजूने पाहिले. एकातून दुसरे घडले असे सिद्ध करता येणार नाही. तरीही नट आणि छायालेखक यांच्यातील सीमारेषा या माणसाने दोन्ही दिशांनी ओलांडली, एवढे निश्चित म्हणता येते.

हॉलिवूड : चेहरा, हात आणि मुखवटा

१९२९ मध्ये फ्रॉइंड अमेरिकेत गेला. टॉड ब्राउनिंगच्या 'ड्रॅक्युला' (१९३१) मध्ये बेला लुगोसीच्या डोळ्यांवर टाकलेले प्रकाशाचे दोन बारीक कवडसे हे त्याच्या पद्धतीचे उत्तम उदाहरण आहे. अख्ख्या वाड्यापेक्षा त्या दोन बिंदूंत अधिक भय साठलेले आहे.

दिग्दर्शक म्हणून त्याचा 'द ममी' (१९३२) हा पहिला अमेरिकन चित्रपट. त्यातील आरंभीचे दृश्य आजही अभ्यासण्याजोगे आहे. तरुण संशोधक प्राचीन गुंडाळी वाचत असतो. मागे उभ्या ममीचे डोळे किंचित उघडतात, हात हलतो. एवढे दिसल्यावर कॅमेरा ममीला जवळजवळ सोडून देतो. गुंडाळी उचलणारा हात, दाराबाहेर फरफटत जाणाऱ्या पट्ट्या आणि त्या तरुणाचे वेडसर हसणे यांवरच भयाची सारी उभारणी आहे. चमत्कारापेक्षा चमत्कार पाहणाऱ्या माणसावर येथे भर आहे. दिग्दर्शक म्हणून शेवटचा ठरलेल्या 'मॅड लव्ह' (१९३५) मध्ये एका पियानोवादकाला खुन्याचे हात जोडले जातात, आणि पीटर लॉरेचा तुळतुळीत डोक्याचा चेहरा कॅमेऱ्याला खिळवून ठेवतो. या दोन्ही चित्रपटांत कॅमेरा दुसऱ्यांकडे होता. 'मॅड लव्ह'च्या छायालेखकांपैकी एक असलेल्या ग्रेग टोलंडने पुढे 'सिटिझन केन'चे छायालेखन केले.

नटाला सर्वस्व मानणाऱ्या या दृष्टीची मर्यादाही येथेच उघड होते. 'द गुड अर्थ' (१९३७) या चित्रपटासाठी फ्रॉइंडला छायालेखनाचे ऑस्कर मिळाले. पर्ल बक यांच्या कादंबरीतील चिनी शेतकऱ्यांची ही कथा. टोळधाडीच्या दृश्याची सफाई वादातीत आहे. परंतु वांग लुंग आणि ओ-लान या प्रमुख भूमिका पॉल मुनी आणि लुईझ रायनर या गोऱ्या नटांनी रंगभूषेच्या आधाराने केल्या. रायनरलाही ऑस्कर मिळाले. फ्रॉइंडचा प्रकाश या रंगवलेल्या चेहऱ्यांना खरेपणा बहाल करतो. चिनी चेहऱ्यांना मध्यवर्ती स्थान नाकारणाऱ्या व्यवस्थेला त्याच्या कौशल्याने साहाय्यच केले. छायालेखन निर्दोष असणे आणि प्रतिमा प्रामाणिक असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. छायालेखकाच्या श्रेयाचा आग्रह धरणाऱ्या समीक्षेने ही जबाबदारीही त्याच्या खात्यावर मांडली पाहिजे.

याच वर्षी, १९३७ मध्ये, फ्रॉइंडने आपल्या मुलीला जर्मनीतून अमेरिकेत आणले. ज्यू म्हणून जन्मलेल्या या माणसासाठी बर्लिनचे दार आता बंद झाले होते. सात वर्षांनी त्याने फ्रेड झिनेमान दिग्दर्शित 'द सेव्हन्थ क्रॉस' (१९४४) चे छायालेखन केले. नाझी छळछावणीतून निसटलेल्या एका कैद्याची ही कथा आना झेगर्स या निर्वासित लेखिकेच्या कादंबरीवर आधारित आहे. बर्लिनमध्ये स्वप्न आणि दुःस्वप्न यांसाठी घडलेली छायाप्रकाशाची भाषा येथे जर्मनीतील प्रत्यक्ष दहशतीच्या कथेसाठी वापरली गेली. स्पेन्सर ट्रेसीने साकारलेला फरारी बराच काळ जवळजवळ अबोल राहतो. मूकपटात कमावलेला कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून भय वाचू शकतो.

'आय लव्ह ल्युसी' : उतार की विस्तार?

१५ ऑक्टोबर १९५१ रोजी अमेरिकेत सुरू झालेल्या 'आय लव्ह ल्युसी' या मालिकेचे छायालेखन फ्रॉइंडने स्वीकारले. 'मेट्रोपोलिस'चा छायालेखक घरगुती विनोदी मालिकेच्या दिवाणखान्यात दिवे लावू लागला, म्हणून समीक्षकांना येथे अधःपात दिसतो. परंतु प्रश्न तांत्रिकदृष्ट्या किती अवघड होता हे लक्षात घेतले पाहिजे. त्या काळी बहुसंख्य कार्यक्रम थेट प्रक्षेपित होत आणि दूरच्या प्रदेशांसाठी पडद्यावरून पुन्हा चित्रित केलेल्या अस्पष्ट प्रती वापरल्या जात. ल्युसिल बॉल आणि डेझी आर्नाझ यांना लॉस एंजेलिसमध्ये राहून, समोर बसलेल्या प्रेक्षकांच्या साक्षीने, पण फिल्मवर मालिका करायची होती.

अडचण प्रकाशाची होती. दूरच्या दृश्याला लागणारा प्रकाश आणि क्लोज-अपला लागणारा प्रकाश भिन्न असतो. चित्रपटात प्रत्येक वेळी थांबून दिवे बदलता येतात. येथे तीन कॅमेरे एकाच वेळी चालणार होते आणि प्रेक्षकांसमोर प्रयोग थांबविणे शक्य नव्हते. फ्रॉइंडने दिवे वर टांगून जमीन मोकळी केली आणि सर्वत्र सारखा पडेल असा प्रकाश योजला. विरोधछटा दिव्यांनी साधता येत नव्हती, म्हणून नेपथ्य करड्या रंगाच्या निरनिराळ्या छटांत रंगवून घेण्यात आले. एकाहून अधिक कॅमेऱ्यांनी दूरचित्रवाणीसाठी चित्रण करण्याचे प्रयत्न आधीही झाले होते. फ्रॉइंडचे योगदान असे की ही पद्धत प्रेक्षकांसमोरील अखंड अभिनयाला पेलेल अशी झाली.

या प्रकाशात खोली नाही, गूढता नाही, ही टीका रास्त आहे. 'डेर गोलेम'मधली सावली येथे हद्दपार झाली आहे. मात्र ही किंमत कशासाठी मोजली गेली हेही पाहावे लागते. ल्युसिल बॉलचा विनोद देहाचा होता. पडणे, धडपडणे, तोंड वेडेवाकडे करणे आणि प्रेक्षकांच्या हशाच्या तालावर पुढची हालचाल करणे यांत तिचे सामर्थ्य होते. खुणेच्या जागेवर खिळवून ठेवणारा प्रकाश तिला अडथळाच ठरला असता. 'डू बॅरी वॉज अ लेडी' (१९४३) या रंगीत चित्रपटात फ्रॉइंडने तिचे चित्रण केलेले होते, त्यामुळे ही अभिनेत्री त्याला अपरिचित नव्हती. १९२४ मध्ये नटाच्या मागे जाण्यासाठी कॅमेरा मोकळा करण्यात आला. १९५१ मध्ये नट कुठेही जाऊ शकेल अशी जागा मोकळी करण्यात आली. साधने परस्परविरुद्ध आहेत, पण हेतू एकच आहे. मालिका फिल्मवर असल्यामुळे ती टिकली, पुन्हापुन्हा दाखवली गेली आणि आजही पाहता येते.

याच काळात फ्रॉइंडची 'फोटो रिसर्च' ही कंपनी प्रकाशमापनाची उपकरणे बनवीत होती आणि १९५५ मध्ये त्या कामासाठी त्याला अकादमीचा तांत्रिक पुरस्कार मिळाला. रबरी शिक्क्यांच्या कारखान्यातून निघालेला कारागीर येथे पुन्हा भेटतो. ३ मे १९६९ रोजी कॅलिफोर्नियातील सँटा मोनिका येथे त्याचे निधन झाले.

समीक्षेपुढील प्रश्न

फ्रॉइंडचा विचार भारतीय वाचकाला दूरचा वाटू शकेल. परंतु मायदेश सोडून परक्या चित्रसृष्टीत स्थिरावलेल्या जर्मन छायालेखकाचे दुसरे उदाहरण मुंबईतच आहे. म्युनिकचा जोसेफ व्हिर्शिंग १९२५ च्या 'प्रेम संन्यास'साठी भारतात आला, पुढे मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये रुजला आणि 'अछूत कन्या' (१९३६), 'महल' (१९४९) यांचे छायालेखन त्याने केले. १९६७ मध्ये त्याचे निधन झाले. त्याने चित्रित केलेला 'पाकीझा' १९७२ मध्ये प्रदर्शित झाला. 'महल' आणि 'पाकीझा' यांची चर्चा कमाल अमरोहींच्या नावाने होते. हवेलीतला अंधार आणि झुंबरांचा प्रकाश घडवणारा माणूस त्या चर्चेत क्वचितच येतो. फ्रॉइंडच्या बाबतीत बर्लिनची पाच-सहा वर्षे तरी नोंदली गेली. व्हिर्शिंगच्या वाट्याला तेवढेही फार उशिरा आले.

याचे कारण समीक्षेच्या पद्धतीत आहे. कारकिर्दीत एकच शैली दिसली की तिला स्वाक्षरी मानायचे आणि शैली बदलली की ऱ्हास मानायचा, ही कसोटी दिग्दर्शकासाठी तयार झाली. छायालेखक दर चित्रपटाला वेगळ्या दिग्दर्शकाबरोबर, वेगळ्या नटाबरोबर आणि वेगळ्या यंत्राबरोबर काम करतो. त्याची ओळख त्याने सोडविलेल्या प्रश्नांतून होते. ही ओळख शोधण्यासाठी समीक्षकाला दिव्याची जागा, फिल्मची संवेदनशीलता आणि नटाची हालचाल यांचे प्राथमिक ज्ञान असावे लागते. महाविद्यालयीन वर्गात चित्रपट शिकविताना कथासूत्र आणि आशय यांवर थांबण्याची सवय झाली आहे. ती मोडल्याशिवाय छायालेखकाचे काम विद्यार्थ्यांना दिसणार नाही.

समारोप

कार्ल फ्रॉइंडची कारकीर्द उत्कर्ष आणि उतार अशा दोन भागांत विभागता येत नाही. 'डेर गोलेम'मधील सावली, छातीला बांधलेला कॅमेरा, 'मिखाएल'मधील लेब्लाँ, ड्रॅक्युलाच्या डोळ्यांतील कवडसे आणि ल्युसीच्या घरातील सपाट उजेड यांना जोडणारा धागा म्हणजे कॅमेऱ्यासमोरच्या माणसाशी असलेली बांधिलकी. या बांधिलकीने त्याला बळ दिले, आणि 'द गुड अर्थ'मध्ये त्याच बांधिलकीने मुखवट्याला चेहऱ्याचे मोल मिळवून दिले. या दोन्ही बाजू एकत्र मांडल्यास छायालेखक हा दिग्दर्शकाचा केवळ हस्तक न राहता प्रतिमेच्या यशापयशाचा आणि नैतिकतेचा वाटेकरी म्हणून समोर येतो. चित्रपटाच्या श्रेयनामावलीतील त्याचे नाव याच जबाबदारीने वाचले जावे, अशी अपेक्षा करणे वाजवी आहे.